सर्वांदेखत

पहाटेचा काळोख पुरता विरलेला नसतो, अंबाबाईच्या देवळातील काकड आरतीचा घंटारव महाद्वार रस्त्याने ओसरत चाललेला असतो, आणि अशा समयी गंगावेशीच्या दूधकट्ट्यावर उभ्या असलेल्या म्हशींच्या कासेखाली भांड्यात पडणाऱ्या धारांचा जो मंद्र, संथ ध्वनी कानी येतो, त्या ध्वनीपासूनच परक्या माणसाने कोल्हापूरच्या परिचयाचा प्रारंभ करावा, असे मला मनापासून वाटते. दुकान म्हणावे असे तेथे काही नसते. रस्त्याची कड, तिच्यावर दोनचार म्हशी, उकिडवा बसलेला गवळी आणि सभोवार पेला धरून ताटकळलेली माणसे, एवढाच काय तो इतमाम. गिऱ्हाइकाच्या डोळ्यांदेखत धार काढायची, फेसासकट ती पेल्यात ओतायची आणि जनावराच्या अंगची ऊब दुधात आहे तोवर त्याने ती संपवायची, असा येथला जुना शिरस्ता आहे. “घ्या की मालक, फेस बसायच्या आत!” असे म्हणत ज्या वृद्ध गवळ्याने माझ्या हाती पेला दिला, त्याच्या स्वरात विक्रेत्याच्या लगबगीपेक्षा यजमानाची आस्था अधिक होती, आणि पेला रिकामा होईपर्यंत त्याची दृष्टी माझ्या मुखावरून ढळली नाही.

ही म्हैस पंढरपुरी जातीची. खांद्यांच्याही मागे गेलेली लांबलचक शिंगे हे तिचे रूप, आणि दिवसाच्या कोणत्याही प्रहरी, भर रहदारीत, अनोळखी माणसांच्या गराड्यातही पान्हा सोडण्याची तयारी हा तिचा गुण. तो गुण तिच्या ठायी नसता तर दूधकट्टा नावाची ही विलक्षण संस्था जन्मासच आली नसती. तालमीतल्या मल्लाला मेहनतीनंतर ताजे, निर्भेळ दूध मिळावे म्हणून राजर्षी शाहू छत्रपतींच्या आश्रयाने हे कट्टे वाढले, अशी हकीकत जुनी माणसे सांगतात, आणि गंगावेस तालीम येथून हाकेच्या अंतरावर आहे हे ध्यानी घेतले म्हणजे त्या हकीकतीस वेगळ्या साक्षीची गरज उरत नाही. दिवाळीच्या पाडव्याला याच म्हशींना न्हाऊमाखू घालून, शिंगे रंगवून, गळ्यात माळा बांधून गवळी मंडळी मोठ्या अभिमानाने मिरवतात. ज्या गावात दुभत्या जनावराची मिरवणूक निघते, त्या गावातील अन्नाविषयीच्या आदराबद्दल मला निराळे काही विचारावेसे वाटत नाही.

पाहुण्यांना सायकलीवर घेऊन शहरातील खाण्याच्या जागा दाखवीत हिंडवणारा माझा वाटाड्या शिवाजी पेठेतला तरुण होता. त्याच्यापाशी पाठ केलेले भाषण नव्हते. वेशींची नावे, पेठांच्या सीमा, कोणत्या तिकटीवर संध्याकाळी कोणती गाडी लागते आणि कोणत्या गल्लीत कोणाच्या आजीच्या चटणीचा लौकिक आहे, हे त्याला जसे ठाऊक होते तसेच तो सांगत होता, आणि पुष्कळदा तर सांगतही नव्हता, केवळ सायकलीचा वेग कमी करीत होता. मोटारीच्या बंद काचांआड नाकाला जे पारखे होते आणि पायी चालताना एका दिवसात जे आटोपत नाही, ते सारे सायकलीच्या गतीला यथास्थित गवसते. आसमंतातल्या खेड्यांतून किटल्या अडकवून येणाऱ्या दूधवाल्यांनी हे शहर पिढ्यान्‌पिढ्या सायकलीवरूनच पोसले. त्यामुळे या वाहनावर बसून येथले अन्न शोधीत हिंडण्यात मला एक प्रकारचे औचित्य जाणवत होते.

शिवाजी उद्यमनगरात आम्ही पोहोचलो तेव्हा कारखान्यांची दारे उघडत होती. इंजिनांचे सुटे भाग, ओतकामाच्या भट्ट्या, लेथवर झुकलेले कारागीर अशी ही वस्ती, आणि तिच्या ऐन मध्यभागी सकाळच्या मिसळीसाठी लागलेली रांग. येथील मिसळीचे मर्म तिच्या कटात आहे. मोड आलेल्या मटकीची उसळ, चिवडा, शेव, कांदा, कोथिंबीर ही सारी मंडळी आपापल्या जागी महत्त्वाची खरी, परंतु भाजलेले सुके खोबरे, आले, लसूण, खडे मसाले आणि कांदा-लसणाची चटणी यांच्या संयोगातून सिद्ध झालेला तो लालभडक, तवंग धरलेला रस्सा वरून ओतला जाईपर्यंत त्यांना मिसळीची पदवी प्राप्त होत नाही. या चटणीसाठी चैत्र-वैशाखाच्या उन्हात गच्चीगच्चीवर मिरच्या वाळतात, रंगासाठी ब्याडगी व तिखटपणासाठी संकेश्वरी वा लवंगी असे प्रमाण घरोघरची स्त्री स्वतःच्या अधिकारात ठरविते, कांडप गिरणीच्या दाराशी डबे घेऊन तिष्ठणाऱ्या बायकांची रीघ लागते, आणि त्या दिवसांत वर्षभराची बेगमी होते. तेव्हा उद्यमनगरातल्या कारागिराच्या ताटलीत सकाळी जो कट पडतो, त्याचे मूळ कोणा पाककुशल आचाऱ्याच्या कल्पनेत शोधण्याचे कारण नाही. ते या मुलखातील घराघरांतल्या बरणीत आहे. सोबत पावाच्या कापलेल्या स्लाइस येतात. कट संपला की तो पुन्हा मागायचा, वाढणाऱ्याने कुरकुर न करता वाढायचा, हाही येथला शिरस्ताच. माझ्या शेजारी हातावर वंगणाचे डाग असलेला एक कामगार होता आणि त्याच्या पलीकडे इस्त्रीच्या सदऱ्यातला एक वकीलवजा गृहस्थ. दोघांनाही एकाच पातेल्यातून, एकाच पळीने वाढले जात होते, आणि दोघांनाही त्यात काही विशेष घडत आहे असे वाटत नव्हते.

ते तसे वाटू नये, इतके ते सहज व्हावे, यासाठी या शहराला काय काय करावे लागले याचा विचार माझ्या मनात तेव्हापासून घोळू लागला, आणि बिंदू चौकात आल्यावर तर तो टाळणे अशक्य झाले. महात्मा फुले आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांचे पुतळे येथे शेजारी शेजारी आहेत. बाबासाहेबांचा हा पुतळा त्यांच्या हयातीतच, 9 डिसेंबर 1950 रोजी, उभा राहिला. तेथून पुढे भाऊसिंगजी रस्ता लागतो, आणि या रस्त्यावर थांबण्याचा आग्रह माझा होता. वाटाड्याच्या नकाशावर ते ठिकाण नव्हते.

गंगाराम कांबळे हे शाहू महाराजांच्या काळी कोल्हापूर संस्थानच्या पागेत चाकरीला होते. अस्पृश्य मानल्या गेलेल्या जातीत जन्मलेल्या या माणसाने वरिष्ठ म्हणविणाऱ्यांसाठी राखलेल्या पाण्याला स्पर्श केला, एवढ्या अपराधावरून पागेतल्याच लोकांनी त्यांना निर्दयपणे मारहाण केली. महाराज त्या वेळी गावात नव्हते. ते परतल्यावर गंगारामांनी आपली पाठ उघडी करून त्यांच्यापुढे दाद मागितली, आणि महाराजांनी अपराध्यांना शासन तर केलेच, परंतु तेवढ्यावर न थांबता गंगारामांना स्वतंत्र धंदा काढण्यासाठी द्रव्यसाहाय्य दिले. त्यातून भाऊसिंगजी रस्त्यावर एक चहाचे हॉटेल उभे राहिले, आणि त्याचे नाव ठेवले गेले ‘सत्यसुधारक’. दुकान स्वच्छ होते, चहा चांगला होता, पण स्पृश्य म्हणविणारे गिऱ्हाईक तिकडे फिरकेना. तेव्हा छत्रपतींनी आपली खडखडा नावाची घोडागाडी त्या दुकानासमोर उभी करविली, भर रस्त्यात गंगारामांना हाक मारून चहा मागितला, तो त्यांच्या हातून घेतला, सर्वांदेखत प्यायला, आणि बरोबरच्या मंडळींनाही पाजला. हे एकदाच झाले नाही. महाराज तसे वरचेवर करीत राहिले.

या प्रसंगाचे जे सामर्थ्य आहे ते माझ्या मते त्याच्या उघडेपणात आहे. राजवाड्याच्या बंद दालनात एखाद्या अस्पृश्य सेवकाच्या हातचे पाणी घेणे कोणाही उदार राजाला जमले असते, आणि त्याचा बोभाटा झाला असता तर कारभाऱ्यांनी तो मिटविलाही असता. परंतु ज्या रस्त्याने दरबारी, सावकार, भिक्षुक, वकील, व्यापारी, हमाल असे सारे शहर दिवसभर ये-जा करते, त्या रस्त्यावर गाडी थांबवून, मोठ्याने हाक देऊन चहा पिणे याचा अर्थ पाहणाऱ्या प्रत्येकाला त्या कृत्याचा साक्षीदार करणे असा होता, आणि साक्षीदार झालेल्या माणसाला आपण काही पाहिलेच नाही असे पुन्हा म्हणता येत नाही. 1902 च्या 26 जुलैला संस्थानच्या नोकऱ्यांत मागासलेल्या वर्गांसाठी निम्म्या जागा राखून ठेवणारा जाहीरनामा निघाला. 1919 साली शाळा, दवाखाने, पाणवठे, धर्मशाळा येथे शिवाशीव पाळू नये असे हुकूम सुटले. 1920 च्या मार्चमध्ये माणगाव येथील परिषदेत महाराजांनी तरुण आंबेडकरांच्या नेतृत्वाचा जाहीर गौरव केला. हे सारे दप्तरात नमूद आहे आणि त्याची थोरवी निर्विवाद आहे. परंतु हुकूम कागदावरून माणसाच्या घशाखाली उतरावा लागतो, आणि अस्पृश्यतेचे ठाणे तर मुख्यतः स्वयंपाकघरात, पाण्याच्या घागरीपाशी, पंक्तीत होते. तेथे शिरकाव करण्याचे जे काम कायद्याच्या आवाक्याबाहेरचे होते ते त्या पेल्याने केले. इतिहासाच्या पुस्तकांत या चहाला एखाद्या परिच्छेदाची जागा मिळते याची मला खंत वाटते.

सायकलीला टेकून मी तेथे बराच वेळ उभा राहिलो. रस्त्यावरून रिक्षा, मोटारी, दुचाक्या यांचा अखंड लोंढा वाहत होता.

दुपारी शाहूपुरीत गुळाच्या ढेपांचा तो दाट, किंचित करपलेला गोड वास अंगावर घेत आम्ही फार न रेंगाळता पुढे गेलो. ही व्यापारपेठ शाहू महाराजांनी 1895 साली वसविली, राज्यारोहणानंतर अवघ्या वर्षभरात. पंचगंगेच्या खोऱ्यातला ऊस, गुऱ्हाळाची काहील, रसातली मळी काढण्यासाठी टाकला जाणारा भेंडीचा चीक, उकळी कोणत्या क्षणी उतरवावी हे केवळ नजरेने जाणणारा गुळव्या, यांच्यावर एक स्वतंत्र निबंध लिहावा लागेल. आज एवढेच, की ज्या चिंच-गुळाच्या चटणीची ओढ आम्हाला संध्याकाळी खासबागेकडे नेणार होती, तिचा निम्मा उगम येथे होता.

खासबाग मैदान 1912 साली पुरे झाले. परदेश प्रवासात रोमचे प्राचीन क्रीडांगण पाहून परतलेल्या छत्रपतींनी कुस्तीसाठी असे मैदान बांधविले की सर्वांत वरच्या पायरीवरच्या फाटक्या माणसालाही हौद्यातला डाव स्पष्ट दिसावा. त्याला लागून 1915 साली त्यांनीच नाट्यगृह उभारले, तेच पुढे केशवराव भोसले यांच्या नावाने ओळखले जाऊ लागले. 2024 च्या ऑगस्टमध्ये, केशवरावांच्या जयंतीच्या आदल्या रात्री, ते आगीच्या भक्ष्यस्थानी पडले, आणि ती वार्ता ऐकून कोल्हापूरकरांच्या डोळ्यांत जे पाणी आले ते घरातले माणूस गेल्यावर येते तसे होते. या परिसरात संध्याकाळी भेळ खाल्ली जाते; राजाभाऊंची भेळ म्हणून तिचा लौकिक सर्वदूर आहे. चुरमुरे, शेव, कांदा, टोमॅटो, कोथिंबीर, आंबटगोड पाणी आणि हिरव्या मिरचीचा ठसका, हे सारे मोठ्या पातेल्यात चमच्याच्या वेगवान फटक्यांनी एकजीव होताना पाहणाऱ्यांचे कडे गाडीभोवती पडलेले असते. पातेल्याकडे टक लावून पाहणारी ही माणसे पाहिली, आणि मला पहाटेचा कट्टा, सकाळचा कट आणि भाऊसिंगजी रस्त्यावरला तो पेला एकाच सूत्रात ओवलेले दिसू लागले: या शहरात अन्न झाकून शिजत नाही, झाकून वाढले जात नाही आणि झाकून खाल्लेही जात नाही.

तेथून रंकाळा तलाव. काठच्या नंदीविषयी अशी लोकश्रद्धा आहे की तो रोज गव्हाएवढा पुढे सरकतो आणि तांदळाएवढा मागे येतो. देवाच्या वाहनाची गतीही धान्याच्या दाण्याने मोजणाऱ्या लोकांविषयी मला अपार ममत्व वाटते. निखाऱ्यावर भाजलेले, लिंबू-मीठ चोळलेले कणीस हातात घेऊन आम्ही चौपाटीवर बसलो, आणि वाटाड्याशी माझा थोडा वाद झाला. त्याचे म्हणणे असे की पाहुणे मिसळीच्या आणि तांबड्या रश्श्याच्या ओढीने येतात, त्यांना उपाशीपोटी रस्त्यावर थांबवून शंभर वर्षांपूर्वीची हकीकत ऐकवली तर ते कंटाळतील. मी म्हणालो की उपाशीपोटी ऐकवावी अशीच ती हकीकत आहे, कारण मिसळीच्या बाकावर आपल्या शेजारी कोण बसले आहे याची चौकशी न करता आपण जो घास घेतो, तो घेण्याची वाट त्याच रस्त्यावर मोकळी झाली. त्याने कणसाचे उरलेले दाणे शांतपणे संपविले, बुरकुंडा टोपलीत टाकला आणि म्हणाला, “तुमचं खरं हाय सर. येत्या रविवारी कट्ट्यावरनं पाहुण्यांस्नी थेट भाऊसिंगजी रोडला आणतो. चहा तिथंच घ्यायचा, रस्त्यावर, उभ्यानं. मिसळ त्याच्या मागनं.”