नारळ बाजूला ठेवा, माताजी!

गावाचं नाव काकडी. हसून घ्या एकदाचं. कोपरगाव तालुक्यातल्या या गावाच्या माळावर विमानतळ आहे आणि त्याचं नाव मात्र एकदम भारदस्त: श्री साईबाबा आंतरराष्ट्रीय विमानतळ, शिर्डी. १ ऑक्टोबर २०१७ रोजी तेव्हाचे राष्ट्रपती रामनाथ कोविंद यांनी उद्घाटन केलं, तेव्हा इथून पहिलं विमान उडालं ते मुंबईला. नावातलं 'आंतरराष्ट्रीय' म्हणजे बाळाच्या वाढत्या अंगाला शिवलेला झबला. असो. साईमंदिर इथून साधारण चौदा किलोमीटर.

मुंबई-पुण्याची आपली मंडळी शिर्डीला बहुतेक रस्त्यानेच येतात. ५ जून २०२५ ला समृद्धी महामार्गाचा शेवटचा इगतपुरी-आमणे टप्पा खुला झाला, त्यानंतर तर मुंबईकराला विमानाचं तिकीट काढायला कारणच उरलं नाही. काकडीला उतरतात ते हैदराबाद, बंगळुरू, चेन्नई, दिल्लीचे भाविक. त्यामुळे इथल्या सिक्युरिटीच्या रांगेत लॅपटॉपवाले कमी आणि कपाळाला उदी लावलेले जास्त. मी दोन्ही कॅटेगरीत मोडत होतो. लॅपटॉप ट्रेमध्ये काढून ठेवला आणि समोरची गंमत बघत उभा राहिलो.

माझ्यापुढे एक तेलुगू आजी होत्या. हातात कापडी पिशवी, पिशवीत शेंडीसकट नारळ. एक्स-रे मशीनमधून पिशवी बाहेर आली आणि बाजूला काढली गेली. खाकीतली मुलगी, असेल पंचविशीची, हिंदीत म्हणाली, "माताजी, नारियल अंदर नहीं जाएगा।" आजींना हिंदी येत नव्हतं. त्यांनी नारळ छातीशी धरला आणि वर बोट दाखवलं. म्हणजे बाबांचा आहे. मुलीने मान डोलावली. म्हणजे कळलं. आणि पुन्हा मान हलवली. म्हणजे तरीही नाही.

हा नियम त्या मुलीचा नाही, दिल्लीचा आहे. विमानात काय न्यायचं ते ठरवतो नागरी विमान सुरक्षा ब्यूरो, आणि गेटवर उभं राहून ते पाळायला लावतं केंद्रीय औद्योगिक सुरक्षा दल, म्हणजे आपलं सीआयएसएफ. अख्खा नारळ केबिनमध्ये चालत नाही, चेक-इनच्या बॅगेत चालतो. सुकं खोबरं दोन्हीकडे बाद, कारण त्यातल्या तेलामुळे ते आपोआप तापून पेट घेऊ शकतं. काडेपेटी आणि लायटरही दोन्हीकडे बाद. पॉवर बँकचं मात्र उलटं, ती जवळच ठेवायची. देवस्थानाच्या गावाला यातला नारळाचा नियम सगळ्यात जड जाणार हे उघड आहे. शबरीमलाच्या यात्रेकरूंसाठी २०२४ च्या हंगामात सरकारने नारळ केबिनमध्ये न्यायची तात्पुरती सूट दिली होती. एरवी नियम तो नियम.

छोट्या विमानतळाचा फायदा इथे कळला. मुंबईत असं काही झालं असतं तर नारळ गेला कचऱ्याच्या डब्यात. इथे चेक-इनचा काउंटर चार पावलांवर. आजींचा नातू नारळ घेऊन पळत गेला, मोठ्या बॅगेत टाकून परत आला, आणि तोपर्यंत त्या मुलीने आजींना खुर्चीवर बसवून ठेवलं होतं. मागे रांग चुळबुळत होती. तिने रांगेकडे एकदा नुसतं बघितलं. चुळबूळ बंद!

हसली मात्र नाही. यालाही धोरण आहे, बरं का. २०१८ मध्ये या दलाने जाहीर केलं होतं की विमानतळावरच्या जवानांनी भरपूर हसणं सोडून 'पुरेसं' हसावं. तेव्हा त्यावर विनोद खूप झाले. पण विचार करा, प्रवाशाला खूष ठेवणं हे विमान कंपनीचं काम आहे, यांचं नाही. स्क्रीनसमोर बसलेल्याला साधारण वीस मिनिटांनी उठवून दुसऱ्याला बसवतात, कारण त्याहून जास्त वेळ बॅगांची चित्रं बघत राहिलं की डोळा दिसूनही बघत नाही. एक्सेल शीटवर दहा तास काढणाऱ्या आपल्यासारख्यांना हे वेगळं समजावायला नको.

हे दल १९६९ सालचं. सुरुवातीला काम सरकारी कारखाने राखायचं, म्हणून नावात 'औद्योगिक'. विमानतळ तेव्हा राज्यांचे पोलिस सांभाळायचे. मग २४ डिसेंबर १९९९ ला काठमांडूहून दिल्लीला निघालेलं आयसी-८१४ पळवलं गेलं. अमृतसर, लाहोर, दुबई करत ते कंदहारला पोचलं. एका प्रवाशाचा जीव गेला. वर्षाच्या शेवटच्या दिवशी तीन दहशतवादी सोडून बाकीचे परत आणावे लागले. पुढच्या फेब्रुवारीत जयपूरचा विमानतळ सीआयएसएफच्या ताब्यात गेला, आणि तिथून एकेक करत देशातले साठाहून अधिक. काकडीत हे दल २०१८ मध्ये आलं, साईबाबांच्या समाधीच्या शताब्दीच्या वर्षात.

आता खरी गोष्ट ऐका. विमानतळावर हे दल आलं. पण हेच दल साईमंदिरात आणायचं घाटत होतं, तेव्हा शिर्डी पेटून उठली. प्रकरण उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठापुढे होतं. ग्रामस्थांनी १ मे २०२३ पासून बेमुदत बंदची हाक दिली. मंदिराला संस्थानचे रक्षक आहेत, राज्याचे पोलिस आहेत. विमानतळ आणि कारखान्यांसाठी तयार झालेल्या दलाला भाविकांशी कसं वागायचं ते काय कळणार, असं त्यांचं म्हणणं.

रांगेत उभा असताना मला हे पटेना. भाविकाशी कसं वागायचं ते त्या पंचविशीतल्या मुलीला व्यवस्थित कळत होतं. तरी गावाचं म्हणणं मी उडवून लावणार नाही. कारण वेगळं. एका विमानात माणसं दीड-दोनशे. प्रत्येकाच्या हातात तिकीट आणि ओळखपत्र, प्रत्येकाला थांबवून तपासायला वेळ आहे, आणि तिकीट काढतानाच आपण ही झडती कबूल केलेली असते. रामनवमीला, गुरुपौर्णिमेला, दसऱ्याला शिर्डीत लोटणाऱ्या गर्दीने काहीच कबूल केलेलं नसतं. ती बाबांना भेटायला आलेली असते. तिथे नारळ बाजूला ठेवायला सांगितलात तर तो परत आणायला पळणारा नातू कुठून आणाल? शिवाय रोज त्या गर्दीवर ज्यांचं घर चालतं त्या हारवाल्याला, हॉटेलवाल्याला, लॉजवाल्याला दिल्लीहून हुकूम घेणारा माणूस दारात नको असेल, तर त्यात नवल काय?

काकडीत काम वाढतंय, कमी होत नाहीये. रात्रीची विमानं २०२५ मध्ये सुरू झाली. नव्या टर्मिनलचं भूमिपूजन ९ ऑक्टोबर २०२४ ला झालं. दिवसा इथून क्षितिजापर्यंत दिसतं, रात्री कुंपणापलीकडे अंधार म्हणजे अस्सल अंधार. उत्तर प्रदेश, बिहार, केरळ कुठून कुठून आलेली ही मुलं-मुली त्या माळावर ड्युटी करतात.

माझं विमान धावपट्टीकडे वळलं तेव्हा मागच्या रांगेतून कुणीतरी 'साईनाथ महाराज की' म्हणालं आणि अख्ख्या विमानाने 'जय' केलं. आजींचा आवाज सगळ्यात वरचा. खिडकीतून कुंपणाजवळ एक जवान दिसला, बंदूक गळ्यात, आमच्याकडे पाठ. तो बाहेर शेतांकडे बघत होता.