साय, साखरांबा आणि स्कोन

इंग्रजांच्या दुपारच्या चहातलं काकडीचं सँडविच दिसायला साधं, पण करणाऱ्याची परीक्षा बघणारं. चकत्यांना मीठ लावून ठेवायचं, सुटलेलं पाणी टिपून घ्यायचं आणि पावाला अगदी कडेपर्यंत लोणी लावायचं, म्हणजे ओल पावात उतरत नाही. आपल्याकडे खमंग काकडीसाठी काकडी चोचवतात, पिळून घेतात आणि वर दाण्याचं कूट घालतात. कूट चव आणतंच, शिवाय उरलंसुरलं पाणीही पिऊन घेतं. इतक्या लांबच्या दोन स्वयंपाकघरांत काकडीने सारखाच त्रास दिला आणि दोन्हीकडच्या हातांनी आपापला उपाय काढला, हे लक्षात आलं तेव्हा मला विलक्षण आनंद झाला. आता मी लोण्यातच परतलेलं जिरं आणि ठेचलेली हिरवी मिरची कालवते, त्यावर चकत्या मांडते आणि कूट भुरभुरते. थेंबभर लिंबू. बस्स.

दोन परंपरांचा मेळ म्हटला की पुष्कळदा सगळे मसाले एका भांड्यात ओततात. मला ते रुचत नाही. दोघींची अडचण कुठे एक होती ते शोधावं, मग त्या आपणहून शेजारी बसतात. मुंबईच्या रस्त्यावरच्या सँडविचवाल्यांनी हे केव्हाच ओळखलं. पावाला आधी लोणी, त्यावर हिरवी चटणी, मग काकडी, उकडलेला बटाटा, बीट. त्या सँडविचमध्ये मांस नाही की अंडं नाही, आणि कशाची उणीवही नाही.

आणि इंग्रजांचा हा चहा तरी कुठे एकट्या इंग्लंडचा? १८४० च्या सुमारास बेडफर्डची डचेस ॲना हिने दुपारचं जेवण आणि उशिराचं रात्रीचं जेवण यांच्यामधली भूक भागवायला चहाबरोबर काही खायला मागवलं, तिथून ही रीत रुजली असं सांगतात. त्याच्या जेमतेम आधी, १८३९ साली, आसामच्या चहाच्या पेट्यांचा पहिला लिलाव लंडनमध्ये झाला होता. इकडे मराठी घरांत किटलीवर भरतकामाची टीकोजी आली आणि घरचीच होऊन गेली.

तिथल्या तीन मजली तबकात खालून वर जायचं असतं. आधी सँडविच, मग स्कोन, गोड शेवटी. इथे मात्र मी ठामपणे आपल्या बशीच्या बाजूची आहे. चिवडा आणि बेसनाचा लाडू एकाच बशीत हवेत. लाडवाचा घास, मग चिमूटभर चिवडा, मग पुन्हा लाडू. गोडाला शेवटपर्यंत ताटकळत ठेवलं की त्याची अर्धी गंमत जाते. चहा मात्र त्यांच्या पद्धतीचा, किटलीत मुरवलेला. फक्त आत गवती चहाची दोन पाती. आल्याच्या उकळलेल्या चहापुढे काकडीची नाजूक चव टिकत नाही.

स्कोनला अंडं लागत नाही. मैदा, बेकिंग पावडर, थोडी साखर, ताक आणि गार लोणी. लोणी पिठात बोटांनी चोळायचं. शंकरपाळ्यांना मोहन चोळलेला हात हे काम लगेच ओळखतो, फरक एवढाच की मोहन कडकडीत असतं. त्याने शंकरपाळी खुसखुशीत होते. गार लोण्याचे कण मात्र भट्टीत वितळतात, त्यातल्या पाण्याची वाफ होते आणि स्कोन फुलून येतो.

डेव्हन आणि कॉर्नवॉलमध्ये स्कोनवर जाड क्लॉटेड क्रीम घालतात. ती कशी करतात हे वाचताना मला दुधाच्या पातेल्यावरचं झाकण आठवलं. मंद आच, मग न ढवळता निवू देणं, आणि वर धरलेला पिवळसर थर. ही तर सायच! म्हशीच्या दुधाची, सुरीने कापावी अशी साय स्कोनवर तितकीच शोभते. जोडीला स्ट्रॉबेरीचा जॅम हवा तर महाबळेश्वरचा आहेच. पण मी साखरांबा घेते. कैरीचा आंबटपणा सायीचा स्निग्धपणा तोलून धरतो, आणि वेलचीचा वास चहाच्या आड येत नाही.

डेव्हनवाले आधी क्रीम लावतात, कॉर्नवॉलवाले आधी जॅम, आणि दोघेही हट्टाला पेटलेले असतात. साखरांब्यापुरता माझा निर्णय डेव्हनच्या बाजूने आहे. त्याचा पाक पातळ असतो, थेट लावला तर गरम स्कोनमध्ये झिरपून त्याचा लगदा करतो. खाली सायीचा थर असला की पाक वरच राहतो आणि कैरीची फोड दाताखाली येते.