टाइल्सच्या खाली

आमच्या शहापूर-मुरबाडकडे घरातली जमीन म्हणजे शेणाने सारवलेली माती, हे आमच्या लहानपणापर्यंत खरेच होते. मुरूम पसरायचा, पाणी मारायचे, धुम्मसाने ठोकायचे, मग चोपण्याने चोपायचे. भेग पडली की अम्मी शेणाचा हात फिरवायची आणि विषय संपायचा. पुढे शहाबादी फरशी आली, आता गुजरातेतल्या मोरबीच्या चकचकीत टाइल्स. त्यांच्यावर हात फिरवून काही दुरुस्त होत नाही. जे करायचे ते खाली, आधी. आणि ते कुणाला दिसत नाही.

धाकट्या बहिणीचा निकाह मे महिन्यात ठरला, तेव्हा हाताशी जेमतेम तीन आठवडे होते. मांडवाआधी टाइल्स लागल्याच पाहिजेत, असे घरातल्या बायकांचे आणि, खरे सांगायचे तर, आम्हा सगळ्यांचेच म्हणणे. मुरबाडचे मिस्त्री मात्र जमीन उकरून अब्बांना म्हणाले, "भाई, हा भराव बसलेला नाही. यावर टाइल लावली तर पहिल्या पावसात बोलेल." बोलेल म्हणजे ठोकल्यावर बद्द वाजेल.

मग मुरूम थराथराने ठोकला, त्यावर दगडांचे सोलिंग, त्यावर खडीचे काँक्रीट. पाण्याच्या नळीने चारही भिंतींवर लेव्हल मारली, तेव्हा पुढच्या खोलीच्या दोन कोपऱ्यांत दोन इंचांचा फरक निघाला. इतकी वर्षे आम्ही त्या उतारावर जेवत होतो! ठिकठिकाणी मसाल्याचे ठिय्ये, त्यांच्यामध्ये सूत, आणि त्या मापाने पाटा ओढत कोबा. आम्हाला वाटले आता घोटून आरसा करतील. मिस्त्रींनी तो मुद्दाम खरबरीत ठेवला. व्हिट्रिफाइड टाइल अर्धा टक्कासुद्धा पाणी पीत नाही, ती मसाल्याला सहज चिकटत नाही. खालच्यानेही पकड सोडली तर धरायचे कुणी?

घमेली वाहणाऱ्या बाया ठाकूरवाडीतल्या. त्यांच्यातली एक कोब्याकडे बघून म्हणाली, "एवढी बेस जमीन झाली, तिच्यावर परत फरशी कशाला?" तिच्या घरी अजून शेणाचेच सारवण होते. आम्हाला उत्तर सुचले नाही.

कोब्यावर गोणपाट टाकून निदान सात दिवस पाणी मारायचे होते. दिवस मोजले तर टाइल्ससाठी उरतच नव्हते. फुफी रुसल्या. मुलाकडचे काय म्हणतील, घराण्याची इज्जत, सगळे झाले. अब्बांनी एवढेच विचारले, "मेहमान सतरंजीवर बसणार की टाइलवर?" निकाह कोब्यावर झाला. मुलाकडच्यांनी खाली पाहिलेही नाही. बिर्याणीकडे मात्र पाहिले.

पावसाळाभर अब्बा कोपऱ्याकोपऱ्यात तळहात टेकवून ओल तपासत. न्हाणीच्या भिंतीलगत हातभर पट्टा ओला लागला. मिस्त्रींनी येऊन तेवढा कोबा फोडला आणि ढाळ मोरीकडे वळवून नवा भरला. टाइल्स दिवाळीनंतर लागल्या.