बसऱ्याला गेलेली माणसं

जगात कुठेही अमेरिकेचं विमान उडालं की शिवाजी पेठेत त्याचा हिशोब आम्हाला द्यावा लागतो. उभ्या मारुतीच्या चौकात चहाचा ग्लास हातात येण्याआधी प्रश्न येतो, "काय वो मास्तर, काय चाललंय तुमच्या इराणात?" २००१ साली 'तुमचं अफगाणिस्तान' होतं, २००३ साली 'तुमचा इराक', २०११ साली 'तुमचा गद्दाफी'. विचारणाऱ्याच्या मनात बहुतेक वेळा वाकडं काही नसतं. तो आमच्याबरोबर तालमीत मोठा झालेला असतो, मोहरमात पंजाला नारळ घेऊन येतो. पण २०२३ च्या जूनमध्ये मोबाईलच्या स्टेटसवरून आमच्या शहरात दगड पडले, तेव्हापासून हा 'तुमचा' कानाला बोचू लागला आहे. आम्ही काबूल पाहिलेलं नाही. बगदादेत आमचा कोणी सोयरा नाही. आम्ही भांडतो ते खंडोबा आणि पाटाकडीलच्या सामन्यावरून, आणि पेठेत 'सुरक्षा' या शब्दाचा अर्थ वर्षानुवर्षं शाहू स्टेडियमवरचा पोलीस बंदोबस्त एवढाच होता.

तरीही इराकाशी आमचं नातं आहे. मात्र ते आमचं एकट्याचं नाही, समोरच्या घराचंही आहे.

आमच्या घरात एक ब्राँझचं पदक आहे. अब्बांचे चुलत आजोबा भिश्ती होते, पलटणीबरोबर 'बसऱ्याला' गेले. घरात सगळे 'बसऱ्यालाच' म्हणत. ते नेमके कुठे गेले, कुठे संपले, हे कोणाला सांगता येत नसे. समोरच्या आबांच्या घरातही तसंच पदक आहे, पण ते चांदीचं. त्यांचे पणजोबा ११७ व्या मराठा पलटणीत शिपाई होते. लहानपणी दोन्ही पदकं शेजारी ठेवून आम्ही भांडायचो, की यांचं चांदीचं आणि आमचं काळपट का? पुढे कळलं, की पहिल्या महायुद्धाचं हे पदक सरकारने लढणाऱ्याला चांदीचं दिलं आणि ओझं वाहणाऱ्या, पाणी भरणाऱ्या, खेचरं हाकणाऱ्या हिंदी माणसाला ब्राँझचं. गोळी मात्र दोघांनाही सारखीच लागत होती.

ही माणसं तिथे गेली कशी? १९१४ च्या ऑक्टोबरात मुंबईहून जहाजं निघाली आणि नोव्हेंबरच्या ६ तारखेला आखाताच्या टोकाशी, फाव येथे फौज उतरली. तिचं नाव पुणे डिव्हिजन. पहिल्याच ब्रिगेडमध्ये ११७ वी मराठा पलटण होती. मागोमाग १०३ आणि ११० या मराठा लाइट इन्फन्ट्रीच्या पलटणी आल्या. समोर तुर्क. भांडणाची कारणं कागदावर बरीच होती, पण एक मोठं कारण शेजारच्या इराणात अबादानला उभं होतं. तो अँग्लो-पर्शियन कंपनीचा तेल शुद्ध करण्याचा कारखाना. या कंपनीतले निम्म्याहून अधिक भाग ब्रिटिश सरकारने त्याच १९१४ साली विकत घेतले होते. लंडनच्या आरमाराने कोळसा सोडून तेल जाळायचं ठरवलं, आणि पंचगंगेकाठचा कुणबी तैग्रिसच्या चिखलात जाऊन उभा राहिला. साम्राज्याची सुरक्षा ती हीच. कोल्हापूरला त्या तेलाचा थेंब दिसला नव्हता.

आमच्या वाचकांना यातली दुसरी गाठ सांगायला हवी. या मराठा पलटणींत दख्खनी मुसलमानांच्याही तुकड्या असत. म्हणजे आमचे लोक नुसते भिश्ती नव्हते, बंदूक घेऊनही होते. आणि तुर्कस्तानचा सुलतान म्हणजे खलिफा. त्याच नोव्हेंबरात त्याच्या राजधानीतून जिहादचा पुकारा झालेला. खलिफा म्हणून ज्याचा मान ठेवायचा, त्याच्याच फौजेवर नेम धरायचा, तोही करबला आणि नजफ ज्या मुलखात आहेत तिथे. आमच्या पेठेतल्या मराठा मानकऱ्यालाही करबला माहीत होती. कत्तलरातीला खाईभोवती तो आमच्या आधी उभा असे. ही दोन्ही माणसं त्या वाळवंटात एकमेकांशी काय बोलली असतील, हे कोणी लिहून ठेवलेलं नाही. साहेबांच्या आठवणी भरपूर छापलेल्या आहेत.

कूत अल अमारा हे गाव तैग्रिसच्या वळणावर आहे. जनरल टाऊनशेंड बगदाद घ्यायला निघाला, १९१५ च्या नोव्हेंबरात टेसिफोनला अडला आणि मागे फिरून कूतमध्ये शिरला. ७ डिसेंबरला तुर्कांनी वेढा घातला. जवळजवळ पाच महिने फौज आत कोंडली. धान्य संपत आल्यावर घोडे, खेचरं मारून मांस वाटायला सुरुवात झाली. हिंदी शिपायांनी, हिंदूंनी आणि मुसलमानांनी दोघांनीही, ते नाकारलं. मग हिंदुस्थानातल्या धर्मगुरूंकडून परवानगीच्या तारा मागवण्यात आल्या. तरी बहुतेकांनी शेवटच्या आठवड्यांपर्यंत हात लावला नाही. भाजी नाही, मांस नाही. हिरड्यांतून रक्त येऊन माणसं मेली. बाहेरून वेढा फोडण्याच्या प्रयत्नांत २३ हजारांच्या आसपास माणसं मेली किंवा जखमी झाली, आणि २९ एप्रिल १९१६ रोजी आतल्या सुमारे १३ हजारांनी शरणागती पत्करली. त्यातले पुष्कळ जण कैदेच्या वाटेवर, उन्हात चालता चालताच संपले.

बसऱ्याला या मृतांचं स्मारक आहे. त्यावर चाळीस हजारांहून अधिक जणांची नोंद आहे. गोऱ्या शिपायांची नावं कोरली. हिंदी अधिकाऱ्यांची नावं कोरली. हिंदी शिपायांचा मात्र पलटणीखाली नुसता आकडा कोरला, की या पलटणीचे इतके मेले. आबा हे पहिल्यांदा आमच्याकडून ऐकताना बराच वेळ गप्प होते, मग म्हणाले, "म्हंजे आमच्या पणजोबाचं नाव न्हाईच तिथं?" भिश्त्याबद्दल आम्ही काही विचारलं नाही.

बगदाद पुढे ११ मार्च १९१७ रोजी पडलं. जनरल मॉडने जाहीरनामा काढला, की आमच्या फौजा जिंकायला आलेल्या नाहीत, तुम्हाला मुक्त करायला आल्या आहेत. तीन वर्षांनी, १९२० साली, त्याच मुक्त लोकांनी बंड केलं आणि ते विमानातून बाँब टाकून आणि पुन्हा हिंदी फौजा वापरून मोडण्यात आलं.

हा जाहीरनामा आम्ही २००३ साली वाचला, तेव्हा तो नवाच वाटला. त्या मार्चमध्ये ब्रिटिशांची फौज पुन्हा फाववरच उतरली, अमेरिकनही बरोबर होते, आणि मोहिमेचं नाव होतं 'इराकी स्वातंत्र्य'. या नावांचाही एक अभ्यास व्हायला हवा. २००१ मध्ये अफगाणिस्तानच्या मोहिमेचं पहिलं नाव 'अनंत न्याय' असं ठेवलं होतं. अनंत न्याय फक्त अल्लाहचा, असं मुसलमानांनी म्हटल्यावर ते बदलून 'चिरंतन स्वातंत्र्य' केलं. नाव बदललं एवढं खरं. सद्दामकडे महासंहारक शस्त्रं आहेत असं फेब्रुवारी २००३ मध्ये राष्ट्रसंघात चित्रं दाखवून सांगितलं गेलं; शस्त्रं कधी सापडली नाहीत. ९ एप्रिलला बगदादच्या चौकात सद्दामचा पुतळा पडताना आम्ही पेठेत टीव्हीवर पाहिला. पुतळे पाडण्याची कोल्हापूरला माहिती आहे. १९४२ च्या चळवळीत जयाबाई हविरे आणि भागीरथीबाई तांबट यांनी गव्हर्नर विल्सनच्या पुतळ्याचं तोंड विद्रूप केलं, आणि पुढे त्याच जागी छत्रपतींचा पुतळा उभा राहिला. सद्दामचा पुतळा ओढला तो अमेरिकन फौजेच्या चिलखती गाडीने. सद्दाम जुलमीच होता, त्याच्यासाठी आमच्या डोळ्यांत पाणी नाही. पण आपला पुतळा आपण उतरवणं आणि दुसऱ्याच्या यंत्राने उतरवून घेणं यात अंतर आहे, आणि ते इराकने पुढची कितीतरी वर्षं मोजलं.

त्या वर्षीची एक गोष्ट आपल्याकडे लोक विसरले. एप्रिलमध्ये लोकसभेने या युद्धाची एकमताने 'निंदा' केली. ठराव हिंदीत होता आणि शब्द हाच होता. तरी उन्हाळ्यात अमेरिकेने भारताकडे फौज मागितली. एक पूर्ण डिव्हिजन, सुमारे १७ हजार जवान. दिल्लीत बऱ्याच जणांना ते हवंही होतं; मोठ्या राष्ट्रांच्या पंगतीत पाट मिळेल असा हिशोब होता. १४ जुलै २००३ रोजी वाजपेयी सरकारने नाही म्हटलं. राजकारणात आम्ही वाजपेयींच्या बाजूचे कधीच नव्हतो, पण त्या दिवशी आम्ही आबांच्या घरी पेढे घेऊन गेलो. त्यांचा पुतण्या तेव्हा मराठा लाइट इन्फन्ट्रीत होता. होकार गेला असता तर कदाचित तोही त्याच नदीकाठी उभा राहिला असता. १९१४ साली कोल्हापूरला कोणी विचारलं नव्हतं. २००३ साली निदान विचारणं झालं आणि नकार देता आला. स्वतंत्र देश असण्याचा एवढा सरळ अर्थ आम्हाला शाळेच्या पुस्तकात सापडला नव्हता.

सुरक्षेच्या नावाने पुढे जे झालं ते सगळं लिहायचं तर अंक पुरणार नाही. एकच सांगतो. २९ ऑगस्ट २०२१ रोजी, अफगाणिस्तानातून निघता निघता, अमेरिकेने काबूलमध्ये एका मोटारीवर ड्रोनमधून क्षेपणास्त्र टाकलं. दहशतवादी मारला म्हणून सांगितलं. मोटारीत पाण्याचे डबे होते, आणि ती चालवणारा अमेरिकेच्याच एका मदतसंस्थेत कामाला होता. दहा जण मेले, त्यांत सात मुलं. तीन आठवड्यांत चूक कबूल झाली. शिक्षा कोणालाही झाली नाही. पाणी नेणारा माणूस मेला, हे वाचताना आम्हाला कपाटातलं ते ब्राँझचं पदक आठवलं.

२०२५ च्या जूनमध्ये अमेरिकेने इराणच्या फोर्दो, नतान्झ आणि इस्फहान येथील अणुकेंद्रांवर बाँब टाकले. दुसऱ्या दिवशी, २३ तारखेला, इराणने कतारमधल्या अल उदैद तळावर क्षेपणास्त्रं सोडली. आमचा भाचा तेव्हा त्याच तळावर खानावळीच्या ठेकेदाराकडे कामाला होता. आबांचा नातू दोहात वीजतंत्री. रात्री दहानंतर बातमी आली, कतारचं आकाश बंद झालं, आणि फोन लागेना. आबा आमच्या ओट्यावर येऊन बसले. त्या रात्री 'तुमचा इराण' कोणी म्हणालं नाही. पहाटे दोघांचेही आवाज ऐकू आले तेव्हा आबांनी देवाला हात जोडले आणि आमच्या घरातल्यांनी शुक्राने पढले. नंतर चारच दिवसांनी मोहरम सुरू झाला आणि तालमीत पंजा बसला.

त्या वर्षी सप्टेंबरात अमेरिकेच्या संरक्षण खात्याला 'युद्ध खातं' हे जुनं नाव पुन्हा जोडण्यात आलं. हे आम्हाला त्यातल्या त्यात प्रामाणिक वाटलं. डिसेंबरात त्यांचं नवं सुरक्षा धोरण जाहीर झालं. त्यात पहिलं स्थान त्यांच्या स्वतःच्या गोलार्धाला आहे, आणि आखाताचं महत्त्व पूर्वीसारखं राहिलेलं नाही असं म्हटलं आहे. जनरल मॉडचा जाहीरनामा वाचलेल्या माणसाने अशा कागदावर किती विसंबावं, हा ज्याचा त्याचा प्रश्न. आम्ही त्या धोरणाच्या बातम्यांत भाच्यासारख्या माणसांचा उल्लेख शोधत होतो. तळ किती, विमानं किती, सैनिक किती, हे सगळं असतं. पोळ्या लाटणारा, संडास धुणारा, भारतातून, नेपाळातून, बांगलादेशातून आलेला माणूस त्यात धरलेला नसतो.

भाचा ऑगस्टात सुट्टीवर आला होता. तळाच्या फाटकावर दाखवायचं कार्ड त्याने आम्हाला दाखवलं. त्यावर नंबर ठळक आहे आणि नाव बारीक अक्षरात, तेही चुकीच्या स्पेलिंगने. नाव दुरुस्त करून घे, असं आम्ही म्हटलं. तो म्हणाला, "मामू, फाटकावर नंबरच बघतात." आईने पुन्हा जाऊ नको म्हणून दोन दिवस जेवण सोडलं. घराच्या कर्जाचे हप्ते अजून बाकी होते. सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात तो परत गेला.