सत्तावीस विरुद्ध सहा

आम्हांस मैदानी खेळांतील गम्य बेताचेंच. परंतु जुन्या सामन्यांचे निकाल वाचण्याची हौस मात्र फार. नाटकाचा शेवट आधींच ठाऊक असला म्हणजे पात्रांच्या बोलण्याकडे अधिक लक्ष जातें. तसेंच येथेंही घडतें. कोण जिंकलें हें एकदां कळलें, कीं तीं माणसें कशाकरितां खेळलीं हा प्रश्न आपोआप पुढें येतो. अमेरिकेंतील कार्लाइल येथील शाळेच्या फुटबॉल-संघानें १९१२ सालचा हंगाम गाजविला. त्याच्या तक्त्यांतील एका ओळीवर आमची नजर खिळून राहिली: ९ नोव्हेंबर, वेस्ट पॉइंट, कार्लाइल २७, लष्करी विद्यालय ६.

हा फुटबॉल आपल्याकडे पायांनीं खेळतात तो नव्हे. लांबट चेंडू हातीं धरून पळावयाचें, प्रतिपक्षानें आडवें येऊन पाडावयाचें, आणि चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढें सरकावयाचें, असा हा मामला. १९०५ सालीं या खेळानें इतके बळी घेतले, कीं अध्यक्ष रूझवेल्ट यांनीं हार्वर्ड, येल व प्रिन्स्टन येथील प्रतिनिधींना बोलावून सुधारणेची निकड पटविली. पुढच्याच वर्षीं चेंडू पुढें फेकण्याची मुभा मिळाली, आणि दांडगाईच्या जोडीला चपळाई व युक्ति यांनाही वाव आला. अंगानें हलक्या अशा कार्लाइलच्या मुलांनीं तो पुरेपूर साधला.

हीं मुलें होतीं कोण? ज्यांस गोऱ्यांनीं ‘इंडियन’ हें नांव दिलें, त्या मूळच्या जमातींचीं. १८७९ सालीं कॅप्टन रिचर्ड प्रॅट यांनीं पेन्सिल्व्हेनियांतील एका जुन्या लष्करी छावणींत ही शाळा काढली. मुलांस दूरदूरच्या प्रांतांतून आणावयाचें, केस कापावयाचे, गणवेष चढवावयाचा, नांव बदलावयाचें, आणि स्वभाषा तोंडांतून निघूं द्यावयाची नाहीं, हा तेथील परिपाठ. आंतला ‘इंडियन’ मेला तरच माणूस वांचेल, हें प्रॅट यांचें तत्त्वज्ञान. दीडशेंहून अधिक मुलें घरीं परतलींच नाहींत. त्यांस तेथेंच पुरण्यांत आलें.

वेस्ट पॉइंटला त्यांच्यासमोर उभे होते ते उद्यांचे सेनाधिकारी. पुढें अमेरिकेचे अध्यक्ष झालेले आयसेनहॉवर त्यांतच होते. वूंडेड नी येथें याच सैन्यानें लाकोटा जमातीचीं अनेक माणसें, बायकामुलांसह, मारलीं, त्यास अवघीं २२ वर्षें लोटलीं होतीं. पराभूतांच्या मुलांनीं जेत्यांच्या मुलांस लोळविलें, असा या सामन्याचा अर्थ लावण्याचा मोह आम्हांसही होतो. परंतु खेळ जेत्यांचा, नियम जेत्यांचे, आणि विजयाचें श्रेयही जेत्यांच्याच शाळेच्या पदरीं! तिकिटांचें उत्पन्न खेळाच्या निधींत जाई, आणि तो निधि शिक्षक पॉप वॉर्नर यांच्या हातीं असे. १९१४ सालीं काँग्रेसच्या समितीनें शाळेची चौकशी केली, तेव्हां या व्यवहारावर बोट ठेवण्यांत आलें. वॉर्नर यांनीं लौकरच दुसरें विद्यालय गांठलें.

संघाचा नायक जिम थॉर्प याची कथा तर याहून बोलकी आहे. त्याच वर्षीं स्टॉकहोम येथील ऑलिंपिकमध्यें त्यानें पेंटॅथ्लॉन व डेकॅथ्लॉन हीं दोन्ही सुवर्णपदकें मिळविलीं. १९१३ सालीं तीं काढून घेण्यांत आलीं. कारण पूर्वीं त्यानें थोड्याशा डॉलरांकरितां बेसबॉल खेळला होता. ज्याच्या धांवण्यावर शाळेचीं तिकिटें खपत, त्यानें स्वतःच्या धांवण्याचें मोल घेतलें, हा अपराध! थॉर्प १९५३ सालीं वारला. पदकें त्याच्या मुलांस १९८३ सालीं मिळालीं, आणि एकमेव विजेता म्हणून त्याचें नांव नोंदलें जाण्यास २०२२ साल उजाडावें लागलें.

मग तो विजय खोटाच म्हणावयाचा काय? आम्हांस तसें वाटत नाहीं. वेस्ट पॉइंटनंतर आठच दिवसांनीं हा संघ पेन्सिल्व्हेनिया विद्यापीठाकडून ३४–२६ असा हरला. १२ विजय, एक बरोबरी आणि हा एक पराभव, असा तो हंगाम. हीं मुलें कोणाच्या सुडाचीं प्रतीकें नव्हतीं. थकणारीं, चुकणारीं, ईर्ष्येनें पुन्हा उठणारीं मुलें होतीं. आणि एक गोष्ट त्यांची स्वतःची होती. मैदानाबाहेरून शिक्षकानें डाव सांगण्यास त्या काळीं मनाई असे. शाळेंत उठणें, जेवणें, निजणें सारें घंटेच्या हुकुमानें. मैदानावर मात्र चेंडू कोठें जावा हें गस वेल्श हा त्यांच्यांतलाच खेळाडू पुकारी, आणि बाकीचे दहाजण त्यावर विश्वासून धांवत. आमच्या मतें २७ हा आंकडा या विश्वासाचा आहे.

१९१८ सालीं शाळा बंद पडली. या भूमीच्या मूळ रहिवाशांस सरसकट नागरिकत्व मिळालें तें १९२४ सालीं. २०१७ पासून तेथील कांहीं मुलांच्या अस्थि त्यांच्या आप्तांच्या स्वाधीन होऊं लागल्या आहेत. आपल्या मुलांच्या शाळांनीं जिंकलेल्या ढाली पाहून आपणां पालकांचा ऊर भरून येतो, आणि तें स्वाभाविकच आहे. परंतु शाळेनें मुलास काय बनविलें एवढेंच विचारून भागत नाहीं. दिवसांतील कोणती घटका तिनें त्याच्या स्वतःच्या हातीं ठेविली, हेंही विचारावें लागतें.