पित्याच्या नावाचा रकाना

आमच्या गायनवृंदातील मुली सरावापूर्वी मोबाइलवर कोरियन गाणी ऐकत बसतात, अशी तक्रार एका वडीलधाऱ्या बाईंनी माझ्याकडे आणली. शहानिशा केल्यावाचून कुणाला बोल लावू नये, म्हणून मी त्या मुलींना म्हटले, "काय ऐकता ते मलाही ऐकवा." मुली गोंधळल्या. तरुण पोरांची नाचगाणी फादरांना कशी ऐकवावीत, असा त्यांना पेच पडला असावा. कारण बऱ्याच शोधाशोधीनंतर त्यांनी एका प्रौढ स्त्रीचे गाणे लावले. त्या भाषेचा एकही शब्द मला कळला नाही. पण आवाज असा होता की, मी हातातले पुस्तक मिटून ठेवले.

"फादर, ही इन्सुनी," एक मुलगी म्हणाली. "गाण्याचं नाव 'पिता'. पण सगळ्या गाण्यात 'पिता' हा शब्द एकदाही येत नाही."

हे ऐकून माझ्या मनात कुठेतरी कळ उठली. ती का उठली ते पुढे सांगेन. आधी या गायिकेची हकिकत वाचकांपुढे ठेवतो. ती मी त्यानंतर मिळेल तेथून वाचून काढली.

इन्सुनीचा जन्म १९५७ सालचा. सोल शहराच्या उत्तरेस पोचोन नावाचा मुलूख आहे, तेथला. १९५० ते १९५३ अशी तीन वर्षे कोरियात घनघोर युद्ध झाले. युद्ध थांबले तरी अमेरिकेचे सैनिक त्या देशात राहिले. इन्सुनीची आई कोरियन, आणि वडील अमेरिकेच्या सैन्यातील एक कृष्णवर्णीय सैनिक. वडील मायदेशी परतले. मुलगी आईच्या पदराखाली वाढली.

अशी मुले त्या काळी कोरियात बरीच होती. त्यांतील कित्येकांना परदेशी कुटुंबांत दत्तक पाठविण्यात आले. जी मागे राहिली, त्यांच्या वाट्याला काय आले असेल याची कल्पना आपल्यासारख्या खेड्यातल्या माणसांना करून द्यावी लागत नाही. आपला समाज एकाच रक्ताचा आहे, याचा कोरियन लोकांना मोठा अभिमान. घराण्याची नोंद पुरुषाच्या नावावर चाले. नागरिकत्वही सामान्यतः पित्याकडून मुलाकडे येई. आईकडूनही ते यावे, अशी कायद्यातील दुरुस्ती १९९८ साली अमलात आली. पुरुषाला कुटुंबप्रमुख धरून घराची नोंद ठेवण्याची जुनी पद्धत तर २००८ च्या आरंभी रद्द झाली. अशा देशात कुरळ्या केसांची, सावळ्या वर्णाची, बाप जवळ नसलेली मुलगी रस्त्याने चालू लागली की, तिचा चेहरा हीच तिची जाहीर चौकशी होई.

गरिबीमुळे तिचे शालेय शिक्षण मधेच खुंटले. घराला हातभार लावावा म्हणून ती गाऊ लागली. १९७८ साली 'ही सिस्टर्स' या तीन गायिकांच्या मेळ्यातून ती लोकांपुढे आली. गळा सर्वांना हवा होता. केस मात्र कुणाला नको होते! दूरचित्रवाणीवर गाताना तिला ते कुरळे केस टोपीखाली झाकून घ्यावे लागत. गायिकेने आपला आवाज द्यावा, पण तो आवाज ज्या देहातून येतो तो लपवून ठेवावा, असा तो व्यवहार होता.

पुढे ती एकटी गाऊ लागली. १९८३ च्या सुमारास 'दर रात्री' हे तिचे नाचते गाणे सर्वतोमुखी झाले. मग कलावंतांच्या आयुष्यात येते तशी ओहोटीही आली. नव्या पिढीचे नवे मेळे आले, आणि जुन्या गायिकांची नावे मागे पडली. पण ती गात राहिली. २००४ साली चो पीडी नावाच्या तरुण गायकाबरोबर तिने 'मित्रा' हे गीत गायिले आणि नातवंडांच्या वयाची मुलेही तिला ओळखू लागली. २००७ साली तिने 'हंसाचे स्वप्न' हे दहा वर्षांपूर्वीचे, दुसऱ्या गायकांचे गीत पुन्हा गायिले. हा हंस मानससरोवरातील राजहंस नव्हे. अंगणात पाळलेला, पंख असूनही आकाशात न उडणारा पक्षी आहे तो. मूळ गीत तरुणांनी गायिलेले. त्यात उमेद होती. इन्सुनीच्या तोंडी तेच शब्द आले, तेव्हा त्यांना पन्नास वर्षांच्या आयुष्याची साक्ष मिळाली. आज पुष्कळांना ते गीत तिचेच वाटते.

त्याच सुमारास लोकांची दृष्टीही थोडी बदलू लागली होती. २००६ साली हाइन्स वॉर्ड हा अमेरिकन फुटबॉलपटू कोरियात आला. तोही कोरियन आईचा आणि कृष्णवर्णीय अमेरिकन सैनिकाचा मुलगा. तो परदेशात विजयी वीर ठरला होता, म्हणून देशाने त्याचे थाटामाटात स्वागत केले. पण जे मूल वीर ठरले नाही, त्याचे काय, हा प्रश्न मग अनेकांना टोचू लागला.

आता 'पिता' या गीताकडे वळतो. ते २००९ सालचे. गाण्यास होकार देताना तिने एक अट घातली, की गीतात 'पिता' हा शब्द येता कामा नये. जो शब्द आयुष्यात कधी कुणाला हाक म्हणून उच्चारता आला नाही, तो श्रोत्यांसमोर कसा उच्चारावा? म्हणून तो शब्द केवळ शीर्षकात राहिला. गीतात राग आहे, अंतर आहे, आणि न बोललेले प्रेम आहे. नाव तेवढे नाही. २०११ साली एका गायनस्पर्धेच्या कार्यक्रमात तिने ते गायिले, तेव्हा घरोघरी लोकांच्या डोळ्यांना पाणी आले.

वाचकहो, माझ्या मनात कळ का उठली ते आता सांगतो. धर्मगुरू होऊन मला फार दिवस झाले नव्हते. एका शाळेत प्रवेशाचे अर्ज मी तपासत होतो. एका मुलाच्या अर्जात पित्याच्या नावाचा रकाना कोरा होता. वर्गात चाळीस मुले बसली होती. मी अर्ज हाती धरून मोठ्याने विचारले, "अरे, बापाचे नाव का लिहिले नाहीस?" मागच्या बाकावर कुणीतरी हसले. मुलगा जमिनीकडे पाहत उभा राहिला. तो आमच्या गायनवृंदात गात असे. त्याचा गळा गोड होता. पुढच्या रविवारी तो खांबाआड जाऊन उभा राहिला. ओठही हलवीना. वर्षअखेर आई त्याला घेऊन गाव सोडून गेली. मी वाईट हेतूने विचारले नव्हते, हे खरे. पण त्या हेतूचा त्या मुलाला काय उपयोग?

इन्सुनीची कहाणी मला येथे शिकवून जाते. जखम कीर्तीने भरत नाही, हे तिच्या आयुष्यात स्पष्ट दिसते. स्वतः नामांकित गायिका असूनही ती बाळंतपणासाठी अमेरिकेस गेली. मूल आपल्यासारखे दिसले तर त्यालाही तेच सोसावे लागेल, ही भीती तिच्या पोटात होती. पण ती जखम कुरवाळीत बसली नाही. २०१० साली न्यू यॉर्कच्या कार्नेगी सभागृहात तिचे गायन झाले, तेव्हा कोरियन युद्धात लढलेल्या वृद्ध अमेरिकन सैनिकांना तिने श्रोते म्हणून बोलाविले. जो एक सैनिक तिच्या जवळ नव्हता, त्याच्याबद्दलचा हिशेब तिने त्याच्या सोबत्यांकडे मागितला नाही. त्यांना मान दिला. आणि २०१३ साली होंगचोन या डोंगराळ भागात तिने मिश्र कुटुंबांतील मुलांसाठी शाळा उघडली. शाळेचे नाव 'हेमिल', म्हणजे पाऊस सरल्यावरचे निरभ्र आकाश. जिचे स्वतःचे शिक्षण अर्धवट राहिले, तिने इतरांच्या शिक्षणाचे दार उघडले.

२०२३ साली, वयाच्या सहासष्टाव्या वर्षी, तिने आणखी तीन ज्येष्ठ गायिकांसह 'गोल्डन गर्ल्स' नावाचा मेळा काढला आणि तरुण मुलींसारखी नाचून गायिली. तेव्हा केस झाकण्यास तिला कुणी सांगितले नाही.

त्या वडीलधाऱ्या बाईंना मी काय सांगितले? "बाई, सराव वेळेवर सुरू होईल एवढे मी पाहतो, गाणी ऐकू द्या." आणि शाळेच्या अर्जांविषयी म्हणाल, तर तो रकाना छापील आहे, तो मला काढता येत नाही. पण अलीकडे कोरा रकाना दिसला, तर मी मुलाला एकट्याला जवळ बोलावून एवढेच विचारतो, "बाळ, घरी तुझी काळजी कोण घेते?" या प्रश्नाला आजवर एकही मूल गप्प राहिलेले नाही.