पानिपतावरची ती गोळी

पेशव्यांचे पुत्र विश्वासराव यांना १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर गोळी लागली आणि मराठी सैन्याचा धीर सुटला. जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत हीच गोळी कानाजवळून निघून जाते. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत एका अपघातानंतर मराठे जिथे ही लढाई जिंकले अशा जगात पोहोचतात. तिथे ते ग्रंथालयात शिरून इतिहास नेमका कुठे वळला ते शोधू लागतात. अभ्यासकाचे हे वागणे अगदी खरे वाटते. आझाद मैदानावरच्या सभेत अध्यक्षांची खुर्ची रिकामी दिसताच ते व्यासपीठावर चढतात आणि लोकांचा मार खातात. परततात तेव्हा खिशात बखरीचे एक फाटके पान असते, ज्यात विश्वासराव जिवंत आहेत! कथेतले राजेंद्र देशपांडे याचा उलगडा पुंजसिद्धांताने करतात: इलेक्ट्रॉनची पुढची जागा निश्चित सांगता येत नाही, म्हणून पर्यायी जगे संभवतात.

कथेतल्या सभेसारखी अध्यक्षांची उणीव पुढे प्रत्यक्षातही जाणवली. डिसेंबर २०२१ मध्ये नाशिकला ९४ वे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरले, तेव्हा नारळीकर अध्यक्ष होते. प्रकृतीमुळे त्यांना येता आले नाही, ही हुरहूर नाशिककरांच्या मनात राहिली. २० मे २०२५ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले.